बोरीबंदरच्या नकाशावरची नावे

१८७७ च्या आरंभी सर रिचर्ड टेंपल दुष्काळाची पाहणी करायला दक्षिणेत आले. बंगालचा कारभार सांभाळलेले हे बडे अधिकारी. सरकारने त्यांना एवढ्याचसाठी पाठवले होते की दुष्काळावरचा खर्च आटोक्यात राहावा. दुष्काळी कामावर राबणाऱ्या माणसाला जगायला किती पुरते याचा त्यांनी हिशेब मांडला, आणि तो असा निघाला : दिवसाला एक पौंड धान्य आणि वर जेमतेम एखादा आणा. दिवसभर माती वाहणाऱ्या माणसाला हे पुरणार नाही, हे सांगायला कुणा डॉक्टरची गरज नव्हती. दख्खनमधल्या दुष्काळी कामांवरचे हजारो मजूर काम टाकून चालते झाले. पुण्याच्या सार्वजनिक सभेने, म्हणजे मुख्यतः गणेश वासुदेव जोशी यांनी, त्यांची बाजू सरकारदरबारी लावून धरली. त्याच वर्षीच्या उन्हाळ्यात टेंपल मुंबईचे गव्हर्नर झाले.

त्यांच्या कारकिर्दीत, १८७८ या एकाच वर्षात, रेल्वेच्या दोन गोष्टी घडल्या. आमच्या नगर जिल्ह्याला उभा छेद देणारा दौंड-मनमाड मार्ग वाहतुकीला खुला झाला. आणि मुंबईला बोरीबंदरात ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेच्या, म्हणजे जीआयपीच्या, नव्या टर्मिनसचे काम सुरू झाले. दौंड-मनमाड मार्गाच्या भरावाची माती दुष्काळी कामावरच्या माणसांनी वाहिली होती. बोरीबंदरच्या इमारतीचा नकाशा तिशीतल्या एका इंग्रज इंजिनिअरने काढला होता. त्याचे नाव फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स.

स्टीव्हन्सविषयी इंग्रजीत पुष्कळ लिहिले गेले आहे, मराठीत त्या मानाने थोडे. जे आहे ते बहुतेक इमारतीच्या कौतुकाचे. मी शिक्षणाने आयटीआयचा सिव्हिल ड्राफ्ट्समन. गेली तीस वर्षे नगरमध्ये लोकांच्या घरांचे, गाळ्यांचे, क्वचित एखाद्या मंगल कार्यालयाचे नकाशे काढतो. नकाशा मी काढतो, खाली सही इंजिनिअरची असते; धंद्याची रीतच ती आहे, आणि कायद्यानेही तसेच असावे लागते. पण या सवयीमुळे कुठल्याही मोठ्या इमारतीकडे पाहताना माझ्या मनात पहिला प्रश्न येतो तो असा, की सही याची, मग रेघा कुणाच्या? स्टीव्हन्सच्या कारकिर्दीकडे मी वळलो तो या प्रश्नामुळे.

स्टीव्हन्सचा जन्म १८४७ चा, इंग्लंडमधल्या बाथ गावचा. बाथ हे दगडी इमारतींचे गाव. पिवळसर चुनखडीच्या घरांच्या रांगाच्या रांगा. तिथल्या चार्ल्स डेव्हिस या वास्तुविशारदाकडे त्याने उमेदवारी केली. वास्तुशास्त्राचे मोठे विद्यापीठ नाही, पदवी नाही. गुरूच्या हाताखाली पाच वर्षे रेघा मारायच्या, मोजमापे घ्यायची, दगड ओळखायला शिकायचे, असे ते शिक्षण. १८६७ मध्ये परीक्षा देऊन तो हिंदुस्थानच्या सार्वजनिक बांधकाम खात्यात असिस्टंट इंजिनिअर म्हणून लागला. पहिली नेमणूक पुण्याची. तेव्हा त्याचे वय विशीच्या आत-बाहेर.

तो मुंबईत आला तो काळ नीट लक्षात घ्यायला हवा. गव्हर्नर बार्टल फ्रिअर यांनी १८६० च्या दशकात मुंबईच्या किल्ल्याचे तट पाडायला लावले होते. तटाखालची आणि खंदकाची जमीन एकदम मोकळी झाली, आणि तिच्यावर सरकारी इमारती उठू लागल्या : हायकोर्ट, सेक्रेटरिएट, युनिव्हर्सिटी, तारऑफिस. कर्नल फुलर हे सरकारचे इंजिनिअर या उठाठेवीच्या मध्यभागी होते आणि तरुण स्टीव्हन्स त्यांच्या हाताखाली. युनिव्हर्सिटीच्या इमारतींचा आराखडा गिल्बर्ट स्कॉट या लंडनच्या नामांकित वास्तुविशारदाने पाठवला, पण त्याने स्वतः मुंबईत कधी पाऊल ठेवले नाही. स्टीव्हन्सचे तसे नव्हते. तो खात्याचा नोकर. ज्या गावात इमारत त्या गावात मुक्काम. पावसाळ्यात भिंतीला काय होते, कुर्ल्याचा दगड कसा फुटतो, पोरबंदरच्या दगडावर छिन्नी कशी चालते, हे त्याने कामावर उभे राहून पाहिले.

त्याचे पहिले मोठे काम रॉयल आल्फ्रेड सेलर्स होम, खलाशांची धर्मशाळा म्हणा ना. व्हिक्टोरिया राणीचा मुलगा आल्फ्रेड १८७० मध्ये मुंबईला आला तेव्हा तिचा पाया घातला गेला आणि १८७६ पर्यंत इमारत उभी राहिली. मुंबईचे विधिमंडळ पुढे अनेक वर्षे तिथे भरले आणि आज तिथे महाराष्ट्र पोलिसांचे मुख्यालय आहे. जीआयपीच्या मंडळींनी स्टीव्हन्सला निवडले ते हे काम पाहून. १८७७-७८ च्या सुमारास सरकारने त्याच्या सेवा रेल्वेकडे उसन्या दिल्या, आणि युरोपातली मोठी स्टेशने पाहून यायला त्याला दहा महिन्यांची रजा मिळाली.

लंडनचे सेंट पँक्रस तेव्हा नवे होते. मागे लोखंडी कमानींची प्रचंड शेड आणि पुढे गिल्बर्ट स्कॉटचे लाल विटांचे गॉथिक हॉटेल, असे ते स्टेशन. बोरीबंदरवर त्याची छाप आहे असे सर्रास म्हटले जाते आणि ते खोटे नाही. पण दोन्ही इमारतींचे प्लॅन शेजारी ठेवून पाहिले तर फरक कळतो. सेंट पँक्रसची दर्शनी इमारत हॉटेल आहे. बोरीबंदरची दर्शनी इमारत कचेरी आहे. जीआयपी कंपनीचे सगळे कारभारी, हिशेबनीस, इंजिनिअर, वाहतूक खाते यांच्यासाठी ती बांधली. मधे बागेचे अंगण सोडून तीन बाजूंनी इमारत वळवलेली, इंग्रजी सी अक्षरासारखी. मधल्या भागावर घुमट, घुमटाखाली मुख्य जिना. गाड्या आणि उतारू बाजूच्या शेडमध्ये. ही शेड बाराशे फूट लांब आणि तीनशे तीस फूट रुंद. या कामाशी इंजिनिअर म्हणून विल्सन बेल यांचे नाव जोडलेले आहे. आपण लोक तिकीट काढून लोकल पकडतो तो भाग म्हणजे या वास्तूच्या कुशीला टेकवलेली शेड. ज्या जिन्याचे आणि घुमटाचे फोटो जगभर छापले जातात, तिथे सामान्य उतारूचे काही काम नसे. अपवाद एका दालनाचा. तिकिटांसाठी बांधलेले दालन, ज्याला स्टार चेंबर म्हणतात. तिथे मात्र स्टीव्हन्सने हात राखला नाही. इटालियन संगमरवर, घोटलेले ग्रॅनाइटचे खांब, छतावर सोनेरी तारे. तिकिटासाठी रांगेत ताटकळणाऱ्या माणसाच्या डोक्यावर तारांगण असावे ही कल्पना मला मनापासून आवडते.

घुमटाविषयी थोडे सविस्तर सांगतो, कारण वास्तूचे खरे धाडस तिथे आहे. हा घुमट अष्टकोनी आणि दगडी आहे. कोपऱ्यांतून फासळ्या वर चढत जातात आणि माथ्याला एकत्र येतात. कमान किंवा घुमट बांधताना सहसा खाली लाकडी आधार उभारतात, आपले गवंडी त्याला सेंटरिंग म्हणतात. चुना घट्ट होईपर्यंत दगडांचा भार त्या लाकडावर असतो. मग आधार काढून घ्यायचा आणि देवाचे नाव घ्यायचे. बोरीबंदरचा घुमट असे सेंटरिंग न लावता, एकमेकांत खाचेने अडकणाऱ्या फासळ्या रचत उठवला, अशी नोंद आहे. याचा व्यवहारात अर्थ काय होतो? प्रत्येक दगडाचा चेहरा आधी कागदावर पूर्ण मापात काढायचा. त्यावरून पत्र्याचा किंवा लाकडाचा फर्मा करायचा. पाथरवटाने फर्म्याबरहुकूम दगड घडवायचा, आणि खाच सुताएवढीही ढिली असेल तर परत पाठवायचा. लंडनला प्रदर्शनात लावलेल्या सुंदर चित्रावरून हे काम होत नाही.

तसे चित्र होते. आक्सेल हेग या मूळच्या स्वीडिश चित्रकाराने नियोजित टर्मिनसचे जलरंगातले दृश्य काढले आणि १८८० मध्ये ते लंडनच्या रॉयल अकॅडमीत मांडले गेले. आकाश, ऊन-सावली, समोरून जाणारी माणसे, सगळे काही. चित्र इतके गाजले की काही याद्यांत आर्किटेक्ट म्हणून स्टीव्हन्सच्या जोडीला हेगचे नाव येऊन बसले आहे. एका चित्राच्या जोरावर हेग आर्किटेक्टच्या रकान्यात गेला, आणि दहा वर्षे कामावर उन्हात उभी राहिलेली माणसे सहायकाच्या एका वाक्यात राहिली.

ही माणसे कोण? असिस्टंट इंजिनिअर सीताराम खंडेराव वैद्य आणि सुपरवायझर माधवराव जनार्दन. इंग्रजी पुस्तकांत दुसरे नाव 'माधेराव' असे, नाहीतर नुसत्या आद्याक्षरांनी छापलेले दिसते. ऐकून लिहिणाऱ्या साहेबाच्या कानाने केलेली ती गफलत असावी. मराठी वाचकाला ते नाव माधवरावच वाचता येते. वैद्यांना पुढे रावसाहेब ही पदवी मिळाली.

त्या वेळच्या बांधकाम खात्यात असिस्टंट इंजिनिअर आणि सुपरवायझर काय करत, हे समजून घेतले की एका वाक्याचे वजन बदलते. मुख्य आराखड्यावरून कामाचे नकाशे तयार करून घेणे, आखणी करणे, पाया किती खोल न्यायचा ते जागेवर ठरवणे, दगड आला की माप आणि जात तपासणे, चुन्याचे प्रमाण पाहणे, मोजमाप वहीत रोजची नोंद करून ठेकेदाराचे बिल उतरवणे, आणि गवंडी, पाथरवट, सुतार, बिगारी यांची भांडणे मिटवणे. १८७८ ते १८८८ म्हणजे दहा पावसाळे. स्टीव्हन्स यात नव्हता असे मी म्हणत नाही. तो मुंबईतच होता आणि हातचे सोडणारा नव्हता. पण बेलाच्या पानासारखी तीन दलांची ही कामगिरी होती, आणि मराठी सुपरवायझर आणि मराठी असिस्टंट इंजिनिअर यांच्याशिवाय काळा दगड फोडणाऱ्या माणसाला इटालियन गॉथिक समजावून सांगणारे तिथे कोण होते?

मुंबईत हा प्रकार एकटा नाही. राजाबाई टॉवरवर पश्चिम हिंदुस्थानातल्या निरनिराळ्या जातीजमातींचे पुतळे आहेत. गिल्बर्ट स्कॉटने लंडनला बसून काठेवाडी राजपुताची किंवा मुंबईच्या वाण्याची पगडी कल्पनेने काढली असती तर काय दिसले असते देव जाणे. ते नमुने घडवले रावबहादूर मुकुंद रामचंद्र या असिस्टंट इंजिनिअरने. टॉवरखालून हजारो विद्यार्थी गेले, स्कॉटचे नाव त्यातल्या पुष्कळांना ठाऊक असते.

बोरीबंदरचे कोरीवकामही पाहा. घुमटावरची 'प्रगती', उजव्या हातात मशाल उंच धरलेली आणि डाव्या हाताशी चाक असलेली साडेसोळा फुटी बाई, आणि फाटकाच्या खांबांवरचे सिंह आणि वाघ हे टॉमस अर्प या इंग्रज शिल्पकाराचे. सिंह म्हणजे इंग्लंड, वाघ म्हणजे हिंदुस्थान. दोघे एकाच उंचीवर बसलेले, पण मालक कोण हे दोघांनाही माहीत. बाकीचे मोर, माकडे, पानेफुले, जाळ्या हे काम जे. जे. कलाशाळेच्या विद्यार्थ्यांनी जॉन ग्रिफिथ्स यांच्या देखरेखीखाली केले. अजिंठ्याच्या चित्रांच्या नकला करून घेणारे ते हेच ग्रिफिथ्स. विद्यार्थ्यांना शाळेबाहेर एवढे मोठे प्रत्यक्ष काम मिळणे ही त्या काळी लहान गोष्ट नव्हती. दर्शनी भागावर कंपनीच्या संचालकांचे चेहरे आहेत आणि त्यांत जमशेटजी जीजीभॉय आणि आपले नाना, जगन्नाथ शंकरशेट, यांचेही. मुंबईत रेल्वे यावी म्हणून खटपट केलेल्या नानांना तेवढी जागा मिळाली याचे समाधान वाटते.

इथे एका आकड्याचा निकाल लावणे भाग आहे. बोरीबंदरच्या कामाबद्दल स्टीव्हन्सला १६ लाख १४ हजार रुपये मानधन मिळाले, असे विधान जिथे तिथे सापडते. मराठी वर्तमानपत्रांतूनही ते फिरते. माझ्या मते हा इमारतीच्या खर्चाचा आकडा आहे, कुणीतरी तो आर्किटेक्टच्या खिशात घातला आणि मग सगळ्यांनी उतरवून घेतला. साधा ताळा करून पाहा. याच स्टीव्हन्सने पुढे समोरच मुंबई म्युनिसिपालिटीची इमारत उभी केली. २३५ फूट उंच मनोरा असलेली ती सबंध इमारत ११ लाख १९ हजार ९६९ रुपयांत झाली. सबंध म्युनिसिपालिटीपेक्षा जास्त पैसे एका सरकारी इंजिनिअरला एका कामाबद्दल मिळाले, हे कुठल्याही हिशेबात बसत नाही. शेडसकट बोरीबंदरचा एकूण खर्च सुमारे २ लाख ६० हजार पौंड धरला जातो. मुंबईत तोवर एवढा पैसा एका इमारतीवर खर्च झाला नव्हता.

हा पैसा आला कुठून? जीआयपी ही लंडनची खासगी कंपनी. पण तिच्या भांडवलावर पाच टक्के परताव्याची हमी सरकारने दिलेली होती. कंपनीची मिळकत कमी पडली तर तूट हिंदुस्थानच्या महसुलातून भरून काढायची, असा करार. म्हणजे गॉथिक कमानींच्या पाठीशी अखेर शेतसारा उभा होता, आणि त्यात आमच्या पारनेर, कर्जत, श्रीगोंद्याच्या कोरडवाहू शेतकऱ्यांचा साराही आला. मला ही इमारत आवडते, पुन्हा पुन्हा जाऊन पाहावीशी वाटते. पण तिचे कौतुक करताना हा करार विसरून जाणे मला जमत नाही.

दौंड-मनमाड मार्ग कंपनीचा नव्हता, तो सरकारने बांधलेली स्टेट रेल्वे. सुमारे २३६ किलोमीटरचा हा रूळ पुण्याकडून येणाऱ्या जीआयपीच्या एका फाट्याला नाशिककडून जाणाऱ्या दुसऱ्या फाट्याशी जोडतो. काष्टी, बेलवंडी, विसापूर, सारोळा, नगर, विळद, वांबोरी, राहुरी, बेलापूर, पुणतांबा, कोपरगाव अशी स्टेशने घेत तो जातो; पुणतांब्यापाशी गोदावरी ओलांडतो. बांधून झाल्यावर काही वर्षांतच हा मार्ग चालवण्याचे काम जीआयपीकडे गेले, म्हणजे नगरच्या स्टेशनावर फाटलेल्या प्रत्येक तिकिटाचा हिशेब शेवटी स्टीव्हन्सच्या त्या घुमटाखालच्या कचेरीत पोचू लागला.

या मार्गावरच्या स्टेशनांना कुणी स्टीव्हन्स लागला नाही. त्या काळी लहान स्टेशने ठरावीक नमुन्यांवरून बांधत : एक तिकीटखिडकी, स्टेशनमास्तरची खोली, उतारूंना उभे राहायला पडवी, थोडे अंतर सोडून नोकरांच्या खोल्या. नमुन्यावर नाव नाही, सही नाही. पण स्टेशन माणसांना कसे हलवते याचा धडा घ्यायचा तर बोरीबंदरइतकाच तो बेलापूर स्टेशनावर मिळतो. बेलापूर गाव प्रवरेकाठी, जुने आणि नांदते. स्टेशन पडले गावापासून दूर माळावर, तरी नाव बेलापूरच मिळाले. मग प्रवरेचे कालवे आले, ऊस आला, साखर कारखाना आला, गूळ आणि धान्याची पेठ बसली, आणि त्या माळावर स्टेशनाभोवती नवे शहर वाढले ते श्रीरामपूर. स्टेशनाच्या पाटीवर नाव बेलापूरचे आणि बाहेर पडले की श्रीरामपूर! नवखा माणूस आजही गोंधळतो. नकाशावर एका नामविहीन ओव्हरसीअरने खूण केली आणि तालुक्याचे ठिकाण ठरून गेले. आर्किटेक्टच्या वाट्याला एवढी सत्ता सहसा येत नाही.

स्टीव्हन्सच्या पुढच्या कारकिर्दीत मला सगळ्यांत मोलाची वाटते ती म्युनिसिपालिटीची इमारत. १८८७ मध्ये, राणीच्या राज्यारोहणाला पन्नास वर्षे झाली तेव्हा, बोरीबंदरला व्हिक्टोरिया टर्मिनस हे नाव मिळाले. त्यानंतर स्टीव्हन्स सरकारी नोकरीबाहेर स्वतःच्या नावावर कामे घेऊ लागला. म्युनिसिपालिटीच्या आराखड्यासाठी मद्रासकडचे प्रसिद्ध वास्तुविशारद रॉबर्ट चिझम हेही रिंगणात होते; ते हिंदी-सारासेनिक पद्धतीचे पुरस्कर्ते. काम स्टीव्हन्सला मिळाले, पण तोही आता पहिला राहिला नव्हता. खाली गॉथिक कमानी ठेवून वरचे घुमट त्याने आपल्याकडच्या मुसलमानी वास्तूंच्या वळणाचे केले. वीस वर्षे या देशात काढलेल्या माणसाच्या रेघेत ते वळण आले. १८९३ मध्ये इमारत पुरी झाली, आणि मंजूर रकमेपेक्षा स्वस्तात! मंजुरी ११ लाख ८८ हजार ८२ रुपयांची होती. आज महापालिकेच्या एखाद्या कामाबद्दल असे लिहायची वेळ आली तर मी पेढे वाटीन.

हा हिशेब सांभाळणारे कामावरचे इंजिनिअर होते रावसाहेब सीताराम खंडेराव वैद्य, बोरीबंदरचेच. ठेकेदार व्यंकू बाळूजी काळेवार. म्हणजे स्टीव्हन्सने रस्ता ओलांडला तेव्हा वैद्यही त्याच्याबरोबर रस्ता ओलांडून आले. आर्किटेक्ट आपला सहायक दुसऱ्या कामाला सोबत नेतो तेव्हा त्याने दिलेला तो दाखला असतो, मग कागदावर काही लिहिलेले असो वा नसो. बोरीबंदरला जे नाव एका वाक्यात होते ते इथे जबाबदारीच्या जागी आले, ठेकेदाराचे नावही नोंदीत आले. मुंबईची म्युनिसिपालिटी ही निवडून आलेल्या सभासदांची संस्था होती, लंडनच्या भागधारकांची कंपनी नव्हती. या फरकाचा त्याच्याशी संबंध असावा असे मला वाटते.

बाकीची कामे भराभर सांगतो. फोर्टातले मुळजी जेठांच्या घराण्याने बांधवलेले कारंजे, ग्रिफिथ्सच्या जोडीने. नैनितालचे गव्हर्नमेंट हाउस. आणि १८९९ मध्ये पुरे झालेले चर्चगेटचे बॉम्बे, बरोडा अँड सेंट्रल इंडिया रेल्वेचे मुख्यालय, म्हणजे आजची पश्चिम रेल्वेची कचेरी. काळसर दगडावर पांढरे पट्टे, आणि शिखरावर हातात आगगाडीचे इंजिन धरलेली स्त्री. बोरीबंदरवरच्या बाईच्या हातात मशाल होती, इथे थेट इंजिनच दिले. अशा रीतीने मुंबईच्या दोन्ही प्रतिस्पर्धी रेल्वे कंपन्यांचे तोंड एकाच माणसाने घडवले. ५ मार्च १९०० रोजी, वयाच्या बावन्नाव्या वर्षी, मलेरियाने तो मुंबईतच वारला. शिवडीच्या दफनभूमीत त्याला पुरले.

त्याच वर्षी जुलैत पॅरिसची भुयारी रेल्वे सुरू झाली. एक्तॉर गिमारने तिच्यासाठी वेलींसारख्या वळणाऱ्या लोखंडाची प्रवेशद्वारे केली. व्हिएन्नात ओटो वाग्नर शहरी रेल्वेची स्टेशने, पूल, कठडे सगळे एका हाताने आखत होता. लंडनला काही वर्षांनी लेस्ली ग्रीनने भुयारी मार्गांवरची पन्नासेक स्टेशने केली आणि तेहतिसाव्या वर्षी तो गेला. जमिनीखालच्या स्टेशनाला घुमट नसतो, लांबून दिसणारा दर्शनी भाग नसतो. उरते ते आतले : जिना, फलाट, उजेड, वारा, आणि माणूस कुठे आहे हे त्याला कळणे. ग्रीनने प्रत्येक स्टेशनातल्या फरशांची रंगसंगती वेगळी ठेवली, म्हणजे डब्यातून डोकावले की आपले स्टेशन ओळखता यावे. बोरीबंदरात जी कामे बाजूच्या शेडवर सोपवली होती, तीच भुयारी रेल्वेच्या आर्किटेक्टचे सगळे काम झाली.

मुंबईला ते दिवस यायला सव्वाशे वर्षे लागली. कुलाबा-वांद्रे-सीप्झ मेट्रोच्या २७ स्टेशनांपैकी २६ जमिनीखाली आहेत, आणि त्यांतले एक छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसला लागून, रस्त्याच्या पोटात आहे. २०२५ च्या ऑक्टोबरात ते उतारूंसाठी उघडले. युनेस्कोने २००४ मध्ये जागतिक वारशाच्या यादीत घातलेल्या इमारतीशेजारी भुयार खणायचे म्हणजे जमीन किती हलते, भिंतीला तडा जातो का, याची नोंद घेणारे कुणीतरी रोज तिथे उभे असणार. वैद्य आणि माधवराव जनार्दन यांच्याच जातकुळीची ती मंडळी.

स्टीव्हन्सचा मुलगा चार्ल्स याने बापाचा व्यवसाय मुंबईतच पुढे चालवला. १९३३ मध्ये कुलाब्याला, सेलर्स होमच्या समोरच्या चौकात, त्याने रीगल सिनेमा बांधला. गॉथिकचे दिवस सरले होते. इमारत गुळगुळीत, सरळ रेघांची, वातानुकूलित. आणि प्रेक्षकांच्या मोटारी ठेवायला त्याने तिच्या पोटात तळघर काढले, तिथून वर यायला लिफ्ट ठेवली.